माईंचा डबा आणि वॉर्ड ८६

इंदूरची रंगपंचमीची गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, होऊन गेली होती, पण निम्म्या स्टाफच्या कानामागे गुलाल अजून शिल्लक होता. दुपारी बाराच्या सुमारास डे-केअरमधून सिस्टरचा फोन आला. ‘सर, लगेच वर या. सात नंबरच्या पेशंटला काहीतरी होतंय. डॉक्टर विचारतायत, सलाईनमध्ये काय मिसळलंय?’

कर्करोगाच्या रुग्णालयात फार्मासिस्टच्या कानावर याहून वाईट वाक्य पडत नाही. किमोची औषधं आम्हीच खाली तयार करून वर पाठवतो. कुपीचा बॅच नंबर, मिलिग्रॅमचा हिशेब, लेबल, दोघांच्या सह्या, सगळं असतं. तरी जिना चढताना पाय लटपटतातच.

सात नंबरवर सियागंजातले एक व्यापारी होते, पन्नाशीचे. नाडी १३० च्या घरात, डोळे लाल, तोंडाला कोरड. मध्येच फसकन हसत, मग एकदम बायकोचा हात धरून म्हणत, ‘पंखा रुक गया है, देखो, मैं जा रहा हूँ.’ पंखा व्यवस्थित फिरत होता. डॉक्टरांनी ॲलर्जी तपासली: पुरळ नाही, घरघर नाही, ऑक्सिजन ठीक. साखर ठीक. ईसीजीत नुसता वेग.

मी आधी स्टँडवरची पिशवी पाहिली आणि माझा जीव भांड्यात पडला. त्यांना सिस्प्लाटिन लागणार होतं, पण ते अजून सुरूच झालं नव्हतं. हे औषध मूत्रपिंडाला जपून द्यावं लागतं, म्हणून आधी काही तास पोटॅशियम-मॅग्नेशियम घातलेलं सलाईन चालवतात. तेच चालू होतं. पोटॅशियमचा घोळ असता तर ईसीजीनं चुगली केली असती. उलटी थांबवणारी इंजेक्शनं रोजचीच. मग उरलं काय?

व्यापाऱ्यांच्या पत्नीनं पदर तोंडाशी नेला. ‘सुबह माईजी ने वो मिठाई दी थी. बोला था सिर्फ़ आधी खाना. इन्होंने दो खा लीं.’

सिस्टरनं माझ्याकडे पाहिलं, मी डॉक्टरांकडे. तिघांनाही एकदमच कळलं.

माई आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक होत्या. रामबागेतल्या मराठी शाळेतून निवृत्त झालेल्या शिक्षिका. सुती पातळ, पायात कॅनव्हासचे बूट, खांद्याला कापडी पिशवी. त्यांचे यजमान आमच्याकडेच उपचार घेत होते. ते गेल्यावरही माईंचं येणं थांबलं नाही. ज्यांच्यासोबत नातेवाईक नाहीत अशांपाशी बसायच्या, वर्तमानपत्र वाचून दाखवायच्या, सलाईन संपत आलं की सिस्टरला हाक मारायच्या. त्यांच्या पिशवीतल्या स्टीलच्या डब्याकडे कधी कुणाचं लक्षच गेलं नव्हतं. डब्यात नारळाच्या वड्या असत.

भांगेवर उतारा नसतो, वेळ हाच उतारा. व्यापाऱ्यांना कोपऱ्यातल्या खाटेवर हलवलं, दिवा मालवला, पत्नीला सांगितलं की त्यांच्याशी साधं बोलत राहा, घाबरून जाऊ नका. भांग आणि गांजा एकाच झाडाचे. ओढलेला गांजा काही मिनिटांत चढतो आणि लवकर ओसरतो. खाल्लेला मात्र तास-दीड तास काहीच दाखवत नाही. यकृतात टीएचसीचं, म्हणजे त्यातल्या नशा आणणाऱ्या द्रव्याचं, रूपांतर आणखी जोरकस अशा घटकात होतं आणि मग तो पाच-सहा तास मुक्काम ठोकतो. म्हणूनच माणसं फसतात. एक वडी खाल्ली, काही झालं नाही, म्हणून दुसरी खातात, आणि मग दोन्ही एकदम वर येतात. नेमकं हेच इथं झालं होतं.

त्या दिवसाचं सिस्प्लाटिन पुढे ढकलावं लागलं. हे नुकसान लहान नाही; त्यांच्या दुकानाचा दिवस गेला, आमची खाट गेली, उपचाराचं वेळापत्रक सरकलं.

पण साडेतीन-चारच्या सुमाराला ते उठून बसले आणि म्हणाले, ‘कुछ खाने को मिलेगा?’ कँटीनमधून डाळ आणि पोळ्या आणवल्या. ते जेवले, पोटभर. पत्नी शेजारी उभी राहून रडत होती. आदल्या किमोपासून त्यांच्या पोटात भाताच्या पेजेपलीकडे काही टिकलं नव्हतं, असं तिनं सांगितलं. हे मला दिसलं नसतं तर पुढचं काम सोपं गेलं असतं.

अधीक्षक पोलिसांना बोलवायच्या बेतात होते. त्यांनी मला केबिनमध्ये घेतलं, कारण मादक औषधांचं खातं माझं. मॉर्फिनचं दुहेरी कुलपाचं कपाट, त्याचं रजिस्टर, त्याचे परवाने मीच बघतो. मी त्यांना १९८५ च्या एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थांवरच्या कायद्याची व्याख्या दाखवली. त्या कायद्यानं चरस धरला आहे, म्हणजे झाडाचा वेगळा काढलेला राळेसारखा चीक. गांजा धरला आहे, म्हणजे फुलोऱ्याचे शेंडे. पण शेंड्यांविना असलेली नुसती पानं आणि बिया त्यातून वगळल्या आहेत. पानांची भांग राज्याच्या आबकारी खात्याच्या अखत्यारीत येते आणि मध्य प्रदेशात तिची परवानाधारक दुकानं आहेत. महाकालाचा शृंगार भांगेनं होतो तो काही चोरून होत नाही. माईंनी पानं उज्जैनच्या अशाच दुकानातून आणली होती.

‘म्हणजे काही करायचंच नाही?’ अधीक्षक म्हणाले.

‘पोलिसांना करण्यासारखं फारसं नाही,’ मी म्हटलं. ‘आपल्याला करण्यासारखं बरंच आहे.’

‘मग बोला तुम्हीच.’

माईंना मी औषधांच्या स्टोअरमध्ये बसवलं, खोक्यांच्या मधल्या एकुलत्या एक खुर्चीवर. त्यांनी डबा मांडीवर ठेवला आणि दोन्ही हात त्यावर.

‘किती घातली होती, माई?’

‘अंदाजानं.’

‘अंदाज म्हणजे?’

‘मूठ.’

‘कुणाची मूठ?’

त्यांनी माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की मी चौथीत असतो तर बाकावर उभा राहिलो असतो. ‘हे बघ बाळ, मी कुणाला फसवून दिलेली नाही. प्रत्येकाला सांगते यात काय आहे, अर्धी खायची, आणि उठून उभं राहायचं नाही. हे शेवटी आजारी होते तेव्हा पाणीसुद्धा राहत नव्हतं पोटात. तुमची इंजेक्शनं झाली, गोळ्या झाल्या. शेवटी शेजारच्या पंडितजींनी सांगितलं म्हणून दिली. त्या रात्री वरणभात मागितला त्यांनी.’

मी म्हटलं, आता उलटीवर त्यापेक्षा चांगली औषधं आहेत. ओलान्झापिनसारखी स्वस्त गोळीही चालते.

‘मग तेव्हा का नाही दिलीत?’

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं आणि अजूनही नाही. विषय बदलावा म्हणून मी म्हटलं, ‘माई, तुमच्यासारखीच एक बाई अमेरिकेत होऊन गेली. तिला तीन वेळा अटक झाली.’

‘मी काय गांजेकस आहे?’ माई उखडल्या. ‘महादेवाचा प्रसाद आहे हा.’

पण डब्यावरचे हात सैल झाले. गोष्ट म्हटलं की शिक्षक ऐकतोच.

मॉर्फिनचं कपाट सांभाळायला लागल्यापासून या कायद्यांचा इतिहास वाचायची मला खोड लागली आहे, त्यामुळे मेरी जेन रॅथबन मला पाठ आहे. जन्म १९२२, शिकागो. वाढली मिनियापोलिसमध्ये, कॅथलिक शाळेत. तिथे एका ननने छडी उगारली तेव्हा ही तेरा वर्षांची मुलगी उलटून तिच्याशी भिडली. पुढे लवकरच घर सोडलं आणि जन्मभर वेट्रेस म्हणून काम केलं.

‘ननवर हात उचलला?’ माईंना हे अजिबात आवडलं नाही. मग थोडं थांबून म्हणाल्या, ‘छडी मीही फार वापरली. पुढे सांग.’

खाणकामगारांच्या संघटनेसाठी, बायकांच्या गर्भपाताच्या हक्कासाठी ती तरुणपणीच रस्त्यावर उतरली होती. लग्न झालं, मोडलं. एकुलती एक मुलगी, पेगी, सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला मोटार अपघातात गेली. मेरी सॅन फ्रान्सिस्कोत राहू लागली, पॅनकेकच्या हॉटेलात पदार्थ वाढू लागली, आणि जोडीला गांजा घातलेल्या चॉकलेट ब्राउनी भाजून विकू लागली. आडून-लपून नाही, चक्क जाहिरातीचे कागद चिकटवून! १९८१ साली पोलीस घरात शिरले तेव्हा ५४ डझन ब्राउनी सापडल्या. साठीला टेकलेली आजीबाई पाहून पोलीसच चक्रावले. न्यायाधीशांनी तीन वर्षं देखरेखीखाली राहण्याची अट घातली आणि ५०० तास समाजसेवा करायला लावली.

‘५४ डझन,’ माई पुटपुटल्या. ‘एकटी?’

‘एकटी.’

‘ओव्हन चांगला असणार.’

गंमत अशी की त्या ५०० तासांच्या शिक्षेनंच तिला कार्यकर्ती केलं. समाजसेवा करता करता तिची गाठ पडली अशा तरुण पोरांशी, ज्यांना एक अनोळखी आजार खात होता. एड्स. त्यावर तेव्हा औषध नव्हतं. वजन झरझर उतरायचं, अन्नाचा वास सहन व्हायचा नाही, आणि कित्येकांच्या घरच्यांनी दार लावून घेतलेलं. सॅन फ्रान्सिस्को जनरल हॉस्पिटलात १९८३ मध्ये या रुग्णांसाठी बाह्यरुग्ण विभाग सुरू झाला, वॉर्ड ८६. मेरी तिथे स्वयंसेविका झाली. नमुने प्रयोगशाळेत पोचवायची, व्हीलचेअर ढकलायची, आणि घरी ब्राउनी भाजून ‘माझ्या पोरांना’ द्यायची. पेन्शनच्या तुटपुंज्या पैशांतून पीठ-साखर आणायची. गांजा पिकवणारे तो तिला फुकट देत. मागणी पुरी पडेना तेव्हा नावांच्या चिठ्ठ्या बरणीत टाकून काढायची. १९८६ साली त्याच विभागानं तिला वर्षातली सर्वोत्तम स्वयंसेविका ठरवलं. म्हणजे डॉक्टरांना ठाऊक होतं.

इथे माईंनी डोळे बारीक केले. मी काय सुचवतोय ते त्यांना कळलं होतं.

मला मेरीबद्दल सगळ्यात जास्त काय भावतं ते तिचं साजरं न दिसणं. आंदोलनकर्ती म्हणून कुणी निवडावी अशी ती नव्हती: गुडघे बदललेली, फुप्फुसं गेलेली, पॉलिएस्टरचे सूट घालणारी आणि तोंडाची भलती शिवराळ. कायदा बदलायला निघालेली माणसं सहसा आकडे मांडतात, ही बाई भाजत बसली. तिचा साथीदार डेनिस पेरोन मात्र राजकारणात मुरलेला होता. व्हिएतनामहून परतलेला, एड्सनं जोडीदार गमावलेला. १९९१ मध्ये शहरात गांजाच्या औषधी वापराच्या बाजूनं ठराव मतदानाला पडला आणि मोठ्या बहुमतानं संमत झाला, त्यामागे तो होता. पण लोकांसमोर चेहरा गेला तो मेरीचा. १९९२ च्या उन्हाळ्यात तिला पुन्हा पकडलं तेव्हा देशभरच्या टीव्हीवर दिसली ती पांढऱ्या केसांची एक आजी. त्या खटल्यात तिला शिक्षा झाली नाही. उलट ऑगस्टमध्ये शहराच्या प्रतिनिधी मंडळानं ‘ब्राउनी मेरी दिवस’ जाहीर केला.

मला हवी होती ती गोष्ट यानंतरची. ती अटक टीव्हीवर पाहणाऱ्यांत त्याच रुग्णालयातले कर्करोगतज्ज्ञ डोनाल्ड एब्रम्स होते. ते तेव्हा परिषदेसाठी ॲमस्टरडॅमला गेलेले होते. आपल्याच विभागातली स्वयंसेविका तुरुंगात जाते आणि ती जे देते ते खरंच उपयोगी आहे की नाही हे आपण कधी मोजलंच नाही, हे त्यांच्या ध्यानात आलं. त्यांनी संशोधनाची परवानगी मागितली. सरकारकडून नकार आला. सरकारी मालकीचा गांजाच मिळेना, आणि दुसरा वापरणं गुन्हा. १९९७ मध्ये कुठे मंजुरी मिळाली, तीही ‘उपयोग होतो का’ याऐवजी ‘एचआयव्हीच्या औषधांसोबत घेतला तर अपाय होतो का’ असा प्रश्न फिरवून विचारल्यावर. २००३ साली निष्कर्ष छापून आले: २१ दिवसांच्या वापरात विषाणूंचं प्रमाण वाढलं नाही. दरम्यान १९९६ च्या नोव्हेंबरात कॅलिफोर्नियानं मतदान करून औषधी वापर कायदेशीर केला होता. अमेरिकेतलं ते पहिलं राज्य. मेरी १९९९ च्या एप्रिलमध्ये गेली.

‘तूप घालायची की लोणी?’ माईंनी विचारलं.

‘काय?’

‘भांग नुसत्या पाण्यात उतरत नाही. स्निग्ध लागतं. ती काय घालायची?’

‘तिनं कृती कुणालाच सांगितली नाही. पेरोनबरोबर पाककृतींचं पुस्तक काढलं, त्यातसुद्धा ती नाही.’

‘शहाणी होती,’ माई म्हणाल्या. पहिल्यांदाच मेरीबद्दल चांगला शब्द.

तरीही मला जे म्हणायचं होतं ते मी म्हटलंच. मला मेरीचं कौतुक आहे आणि तिच्या स्वयंपाकघराची धास्तीही. त्या पोरांना दुसरं काही नव्हतं. आज सात नंबरवाल्यांना होतं. ते मधुमेहाची गोळी घेतात, रक्तदाबाची घेतात. तोल जाऊन पडले असते तर? आम्ही पोटॅशियम तपासत बसलो, उद्या कुणी भांगेचा झटका समजून खऱ्या रिॲक्शनकडे दुर्लक्ष केलं तर? पानाच्या प्रत्येक मुठीत जोर वेगळा. मी कपाटातून दहा मिलिग्रॅमची मॉर्फिनची गोळी देतो तेव्हा ती आजही दहाची असते आणि उद्याही.

मॉर्फिनचं नाव निघालं तसं माईंनी पलटवार केला. ‘तुझं मॉर्फिन तरी ह्यांना वेळेवर मिळालं का रे?’

तेव्हा ते आमच्याकडे नव्हतंच. ही माळव्याची जुनी जखम आहे. मॉर्फिन जिच्यापासून बनतं ती अफू मंदसौर-नीमचच्या शेतांत सरकारी परवान्यानं पिकते, नीमचला तिचा कारखाना आहे, आणि तिथून काही तासांवर इंदूरच्या खाटेवर माणूस कण्हत मरतो. ८५ चा कायदा आला आणि परवान्यांच्या कागदांना भिऊन दुकानदारांनी, रुग्णालयांनी मॉर्फिन ठेवणंच सोडलं; पुढच्या बारा वर्षांत देशातला त्याचा वैद्यकीय वापर ९७ टक्क्यांनी घसरला. २०१४ च्या दुरुस्तीनंतर मान्यताप्राप्त रुग्णालयांना एकाच परवान्यावर ते ठेवता येऊ लागलं. माझं दुहेरी कुलपाचं कपाट त्यानंतरचं. कायद्यानं रोखलेली वस्तू मोजून-मापून रुग्णापर्यंत परत आणता येते, याचा पुरावा माझ्या कमरेला किल्लीच्या रूपात लटकतो. म्हणून मला भांगेबद्दल ‘सगळं बंद’ म्हणणाऱ्यांचंही पटत नाही आणि ‘सगळं खुलं’ म्हणणाऱ्यांचंही.

शेजारच्या खंडव्याला इंग्रजांच्या काळात परवान्यानं गांजाची शेती होत असे, हे मी माईंना सांगितलं. १८९३ मध्ये सरकारनं आयोग नेमला, त्यानं ११९३ साक्षी घेतल्या, वेड्यांच्या इस्पितळांची दप्तरं उलटून पाहिली आणि पूर्ण बंदी नको, नियंत्रण ठेवा असं सांगितलं. माई म्हणाल्या, ‘एवढं विचारून झालंय तर परत कुणाला विचारायचं?’

‘कायद्याचं कलम १० राज्य सरकारला गांजाबाबत नियम करायचा अधिकार देतं. वैद्यकीय कारणाला कलम ८ मध्ये वाट ठेवलेली आहे. आयुर्वेदात तर विजया म्हणून भांग आहेच, फक्त वैद्यांच्या देखरेखीखाली.’

‘मग अर्ज कुणाला करायचा?’

मी हसलो, कारण त्या उठून उभ्या राहिल्या होत्या. ‘आबकारी आयुक्त, मोतीमहल, ग्वाल्हेर.’

‘लिही.’

आमचा तह असा ठरला. डबा डे-केअरमध्ये आणायचा नाही. माईंनी यायचं, वाचून दाखवायचं, बसायचं. ज्याला उलटीचा किंवा भुकेचा त्रास आहे त्याला माझ्याकडे किंवा डॉक्टरांकडे पाठवायचं; भांगच हवी असेल तर वैद्यांकडे, आणि आम्हाला सांगून. माझ्या बाजूनं मी नोंदीच्या फॉर्मवर एक प्रश्न वाढवला: भांग, गांजा, अफू, घरगुती काढे घेता का? सिस्टरनं हा प्रश्न दरडावून न विचारता सहज विचारायचा, हे तिला समजावलं. लोक सांगू लागले. अफूचं पाणी, भांगेची गोळी, गावच्या बाबाची पुडी, काय काय निघालं! त्यातलं निम्मं आमच्या औषधांशी भांडणारं होतं.

अर्जाचा मसुदा मी संगणकावर उतरवला. मागणी एकच: एखाद्या मान्यताप्राप्त कर्करोग रुग्णालयात, तपासलेल्या आणि मोजलेल्या मात्रेत, डॉक्टरांच्या चिठ्ठीवर, भुकेसाठी आणि उलटीसाठी प्रयोग करायला परवानगी द्यावी. माईंनी लाल पेनानं माझं हिंदी दुरुस्त केलं, ‘सविनय निवेदन’ ठेवलं, ‘महती कृपा होगी’ खोडलं. मला सही मागितली. मी रुग्णालयाचा नोकर, मला ती करता येईना. ‘मग खाली लिही, कलमं तपासली,’ त्या म्हणाल्या. ते मी लिहिलं.

किमोच्या पुढच्या फेरीला सियागंजचे व्यापारी आले तेव्हा त्यांचं सिस्प्लाटिन सुरळीत गेलं, उलटीवरची नवी गोळी लागू पडली होती. त्यांनी माईंना शोधून काढलं आणि अर्जावर रुग्ण म्हणून पहिली सही केली. सहीखाली एक ओळ स्वतःच्या हातानं वाढवली: ‘मात्रा आधी ही रखी जाए, मैंने दो खाई थी.’

माईंनी लाल पेन काढलं आणि ‘थी’वर अनुस्वार दिला.